कासवांची फौज अजून निघालेली नाही

माझ्या फोनमध्ये एक लढाई आहे. समुद्राच्या तळाशी होणारी. एका बाजूला कासवांची फौज, दुसऱ्या बाजूला खेकड्यांची, आणि मधे शेवाळाचं भलंमोठं कुरण, ज्याच्यावरून हे सगळं पेटलं. 'होणारी' म्हणते, कारण ती अजून झालेली नाही. टाइप करता करता माझा एक फोन बाद झाला, दुसरा तापायला लागलाय, आणि कासवं आपले भाले पुसत उभीच आहेत. रविवार आला की आबा, म्हणजे माझे वडील, अंगणातल्या खाटेवर मांडी घालून बसतात आणि विचारतात, "हं, कुठवर आलतो आपण?" कुठवर येणार? जिथं होतो तिथंच आहोत.

आबांनी समुद्र पाहिलेला नाही. कधी पाहावासाही वाटला नाही. त्यांचा जन्म मेंढ्यांमागं हिंडणाऱ्या घरातला. त्या घरातून शाळेत गेलेले ते पहिले. पुढं जनावरांच्या सरकारी दवाखान्यात परिचर म्हणून लागले आणि ईट, भूम या पट्ट्यातल्या गाईगुरांची डोकी धरण्यात त्यांची सगळी नोकरी गेली. डॉक्टर टाके घालायचे, आबा डोकं धरायचे. त्यांचा हात कपाळावर पडला की मारकुटा बैलसुद्धा गप उभा राहतो, असं लोक अजून सांगतात. घरात मात्र त्यांनी कुणाला गप बसू दिलेलं नाही.

या लढाईला कारण माझी मुलगी. लहान असताना तिनं शाळेतून चित्रांचं एक पुस्तक आणलं होतं, त्यात पाण्याखालचे प्राणी होते. आजोबांच्या मांडीवर बसून तिनं विचारलं, कासवाची अन् खेकड्याची लढाई झाली तर कोण जिंकेल? दुसऱ्या कुठल्याही आजोबानं 'कासव' म्हणून विषय मिटवला असता. आबा म्हणाले, लढाई कशावरनं? ती म्हणाली, अशीच. आबा म्हणाले, अशीच कुणी लढत नाही, कारण लागतं. मग ते कारण रचायला बसले. कारण नीट रचून होईपर्यंत मुलगी आठवीत गेली. आता ती अकरावी-बारावीसाठी लातूरला वसतिगृहात आहे आणि फोनवर विचारते, "मम्मी, ते अजून चालूय?" ऐकणारी उठून गेली तरी सांगणारा थांबला नाही. आबांचा हात थरथरतो, त्यांना लिहिता येत नाही, म्हणून लिहिणारी मी. आठवडाभर पंचायत समितीत टाइप करायचं आणि सुट्टीच्या दिवशी कासवांसाठी टाइप करायचं, असं माझं चाललेलं आहे.

आता कारण सांगते, म्हणजे माझा वैताग कळेल. आबांचा समुद्र म्हणजे आमचा माळच आहे, फक्त वर पाणी ओतलेलं. त्यांची कासवं माशांचे कळप राखतात. दरसाल ती कळप घेऊन खेकड्यांच्या मुलखातून पुढच्या कुरणाला जातात. खेकडे शेतकरी. पूर्वी तेच कासवांना बोलावून घ्यायचे, की या, आमच्या रानात दोन रात्री कळप बसवा, खत होईल. यंदा त्यांनी वाटेवर चर खणला आणि वाट बंद केली. झालं, लढाई. मी म्हटलं, आबा, मासे काय लेंड्या टाकतात का? ते म्हणाले, तू बघितलंय का? नव्हतं बघितलं. गप लिहिलं.

लढाईची घोषणा झाली त्या रविवारी मला खरंच बरं वाटलं होतं. म्हटलं, आता दोन रविवारात एक बाजू हरेल आणि मी सुटेन. पण आबा म्हणाले, फौज निघायच्या आधी बायका निघतील. हे कुठल्या युद्धात असतं? तर आमच्यात असतं. मेंढ्या घेऊन फिरणाऱ्यांचा जो तळ पडतो, त्याला आमच्यात वाडा म्हणतात. तो वाडा हलवायचा म्हणजे बायका पहाटेच घोड्यांवर भांडीकुंडी, कोंबड्या, नुकती जन्मलेली कोकरं आणि लहान पोरं लादून नव्या जागेकडं निघतात. जागा त्या बघतात, चूल त्या मांडतात. गडी मेंढ्या चारत चारत मागून येतात आणि दिवस बुडताना तळावर पोचतात. आबांच्या मते याशिवाय दुसऱ्या कुठल्या पद्धतीनं कुणी कुठं जाऊच शकत नाही. मग समुद्रघोड्यांवर बोचकी बांधली गेली. कोंबड्यांच्या जागी कसलेतरी शिंपले टोपलीत घातले गेले. कासविणी पुढं गेल्या, रणांगणाच्या अलीकडं त्यांनी जागा पाहिली आणि तीन दगडांच्या चुली मांडल्या.

"पाण्यात चूल कशी पेटंल आबा?" मी विचारलं.

"तुला काय करायचंय? स्वयंपाक तुला करायचाय का? लिही."

अशानं माणूस हात टेकतो. मीही टेकले होते. रविवारची दुपार जाते तर जाऊ दे, म्हाताऱ्या माणसाचा जीव रमतोय, असं स्वतःला समजावून मी टाइप करत राहिले. पण मागच्या दिवाळीनंतर प्रकरण वेगळ्याच वळणावर गेलं.

आईच्या लक्षात आलं होतं की आबा खोकले की हात जांघेवर दाबतात. तिनं मला सांगितलं, मी आबांना विचारलं, आबांनी ताकास तूर लागू दिली नाही. शेवटी मी आणि नवऱ्यानं धरून त्यांना बार्शीला नेलं. डॉक्टर तरुण होता. त्यानं तपासलं आणि कागदावर चित्र काढून दाखवलं, हर्निया आहे, पोटाच्या भिंतीला जागा झालीय, त्यातून आतडं बाहेर येतंय. आबा चित्र बघून म्हणाले, हे आमी लई बघितलंय, कोकरांना बेंबीत होतं, आत ढकलून पट्टा बांधला की काम भागतं. डॉक्टर हसला आणि म्हणाला, मग तुम्हाला सगळं माहीतच आहे. पुढं मात्र तो हसला नाही. हे पट्ट्यानं भागणार नाही, आतडं एखाद्या दिवशी अडकून बसलं तर जिवावर बेतेल, वेळेत ऑपरेशन केलं तर चार दिवसांत घरी जाल, असं त्यानं सरळ सांगितलं आणि पुढच्या महिन्यातली तारीख दिली.

परतीच्या वाटेवर आबा खिडकीबाहेरच्या रानांकडं बघत आले. मला वाटलं, माणूस विचारात पडलाय, चांगलं आहे. रविवारी गेले तर खाटेवर मांडी घालून बसलेले. म्हणाले, "हे बघ, लढाई झाल्याबिगर म्या बार्शीला येणार न्हाय. अर्धी टाकून जायची न्हाय."

मी काय करावं? मी खूश झाले. खरंच. मला वाटलं, एवढंच ना? आज दुपारीच उडवून देऊ लढाई. नवऱ्याला फोन करून सांगितलं की संध्याकाळपर्यंत खेकडे संपतात आणि आबा तारखेला येतात. जन्मभर ज्या माणसाला ओळखते, त्याच्याबद्दल इतकं भाबडं व्हायला वेगळीच अक्कल लागते.

त्या दुपारी फौज निघणार, तोच फौजेचं ओझं वाहणाऱ्या देवमाशिणीला कळा सुरू झाल्या. फौज थांबली. मी म्हटलं, थांबली कशाला? आबांनी माझ्याकडं अशा नजरेनं पाहिलं, की मी कुणाच्या पोटी जन्मले याचा त्यांना संशय यावा. वाटेत मेंढी व्यायला लागली की सगळे थांबतात, एवढंही ठाऊक नाही का, म्हणाले. मेंढीचं मी समजू शकते. मेंढी मोकळी होते, कोकरू झोळीत घालता येतं, झोळी घोड्याला अडकवता येते. देवमाशिणीचं पिल्लू कुठल्या झोळीत घालणार? तर नाहीच घालता येत. म्हणून ते स्वतःच्या बळावर पोहायला लागेपर्यंत फौजेनं तिथंच राहायचं. पहिली तारीख अशी गेली. दवाखान्यात फोन करून मी सांगितलं, पेशंटला सर्दी आहे. देवमाशीण बाळंत झालीय, असं कसं सांगणार?

पिल्लू पोहायला लागलं तेव्हा कातरणीचा हंगाम आला. मेंढ्यांची लोकर कातरतात तशी कासवांच्या पाठीवरचं शेवाळ कातरायचं असतं म्हणे. ओल्या पाठीनं लढाईला जात नाहीत. मी म्हटलं, आबा, समुद्रात राहणाऱ्याची पाठ कोरडी कधी असते? ते म्हणाले, तेच तर. मग खेकड्यांचा दूत आला, की शरण या नाहीतर चर आणखी खोल खणतो. आता दूताला हाकलायचं की नाही? नाही. दारात आलेल्याला जेवल्याशिवाय पाठवायचं नसतं, मग तो दुश्मन का असेना. त्याला जेवू घातलं. जेवून तो कासवांच्या फौजेतच आडवा झाला. पाहुणा झोपलेला असताना त्याच्या मालकावर चाल करून जाणं बरं दिसत नाही, म्हणून फौज पुन्हा बसली. दुसरी तारीखही गेली. या वेळी दवाखान्यातल्या बाईंनी माझं ऐकूनच घेतलं नाही. पेशंट नक्की येणार असेल तेव्हाच फोन करा, असं त्या म्हणाल्या आणि ठेवून दिला. त्यांचं काही चुकलं नाही.

इकडं आबांचा गोळा वाढत होता. पूर्वी खोकला आला की यायचा, आता उभं राहिलं की यायचा. अंघोळीच्या बादलीला ते हात लावायचे बंद झाले. बाजारच्या दिवशी चौकात खव्याच्या दुकानापाशी गप्पा मारायला जायचे, तेही बंद झालं. विचारलं की म्हणायचे, लढाई आता तोंडावर आलीय.

मग मी स्वतःच लढाई संपवली. ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत डबा बाजूला ठेवून बसले आणि एका दमात लिहून काढलं. कासवांनी डावीकडून चाल केली, खेकड्यांचा राजा चरात पडला, चर बुजवला, कुरण मोकळं झालं, माशांचे कळप पार गेले, सगळीकडं आनंदीआनंद झाला. वाईट लिहिलं नव्हतं. खेकड्यांच्या राजाच्या तोंडी एक भाषणसुद्धा घातलं होतं. रविवारी आबांना म्हटलं, आज तुम्ही फक्त ऐका. ते डोळे मिटून ऐकत राहिले. मी चांगला आवाज काढून वाचलं. संपल्यावर आबांनी डोळे उघडले आणि विचारलं, "बायकांना कुणी सांगितलं?"

"काय सांगितलं?"

"लढाई जितली म्हणून. त्या तळावर बसल्यात न्हवं? गडी तळावर आले का न्हाय, जेवले का न्हाय, ह्यात कुठंच न्हाय ते. म्हंजे ही लढाई झालीच न्हाय."

माझं डोकं फिरलं. मी तोंडाला येईल ते बोलले. म्हटलं, कसल्या बायका आणि कसला तळ, तुम्हाला ऑपरेशनची भीती वाटते, तेवढं एकदा सरळ म्हणा. वाटते भीती, तर वाटते म्हणा, त्यात काही कमीपणा नाही, पण आमच्या डोक्याला कासवांचा ताप देऊ नका. आबांनी शांतपणे विचारलं, "भ्या कशाचं?" आणि आईला म्हणाले, चहा टाक. आई उंबऱ्यात मेथी निवडत बसली होती. तिनं मान वर केली नाही. उठली आणि चहा टाकला.

मला आईचाही तितकाच राग आला. तिनं ही गोष्ट कधी ऐकलीच नाही, असं ती दाखवते. आबा अंगणात सांगत असतात, तेव्हा ती भांड्यांचा आवाज करते, शेळीला हाकलते, शेजारणीला हाक मारते. ऑपरेशनचं तिला मी शंभरदा सांगितलं, तू बोल, तुझं ऐकतील. तिचं उत्तर ठरलेलं. "त्येंचं त्येंनी बघावं." इतकी वर्षं संसार केला आणि नवऱ्याच्या जिवावर बेतलं तरी ही बाई म्हणते, त्येंचं त्येंनी बघावं. दोघंही सारखेच, असं मी घरी येऊन नवऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, तिघंही म्हण. त्या रात्री त्याच्याशीही बोलले नाही.

त्यानंतर काही दिवसांनी, भर दुपारी, मी ऑफिसात असताना आईचा फोन आला. आई स्वतःहून फोन करत नाही. माझ्या फोटोवर बोट ठेवलं की लागतो, हे मी तिला शिकवलं होतं, पण तिनं ते कधी केलं नव्हतं. ती फक्त "ये" म्हणाली.

धावत गेले. आबा जमिनीवर उताणे पडले होते, पाय खाटेवर वर ठेवलेले, अंगावरची बनियन घामानं चिकटलेली. दोन्ही हातांनी जांघेतला गोळा दाबून धरला होता आणि तो आत जात नव्हता. दगडासारखा कडक झाला होता. माणूस ओरडत नव्हता, पण ओठ पांढरे पडलेले. आई त्यांच्या डोक्यापाशी बसली होती, तळहात त्यांच्या कपाळावर ठेवून. मी फोनवर फोन केले, जीप बोलावली. जीप दारात येऊन उभी राहिली आणि नेमका तेव्हाच गोळा गुडगुडला आणि आत गेला. आबांनी लांब श्वास सोडला, उठून बसले, पाणी मागितलं आणि म्हणाले, झालं, गेलं, जीप माघारी पाठवा.

मी नाही म्हणाले. भांडले, हाताला धरून ओढलं. ते खाटेचा पाय धरून बसले. जीपवाला दारात उभा राहून हे सगळं बघत होता. त्याच्यासमोर मी रडले, रागानं रडले, आणि त्याच रागात त्याला जा म्हटलं. आईनं खाटेवरची गोधडी झटकून पुन्हा घातली.

पुढच्या रविवारी जायचंच नाही असं ठरवलं होतं. तरी गेले. न जाऊन करणार काय? आबा खाटेवर मांडी घालून बसायचे, त्या दिवशी पाय लांब करून बसले होते, एवढाच काय तो फरक. मी फोन काढला. आबा म्हणाले, लिही, आवस आली. मी म्हटलं, आता अमावस्येला काय झालं? ते म्हणाले, अमावस्येला कळप हलवत नाहीत, तुझ्या आज्यानंसुद्धा कधी हलवला नाही. माझ्यात भांडायचंही त्राण नव्हतं. 'अमावस्या' असं टाइप केलं.

आई आतून आली आणि खाटेसमोर खाली बसली. हात कोरडे करत मला म्हणाली, "त्येंचं ऱ्हाऊ दे. म्या सांगते ते लिव."

आबांनी तिच्याकडं पाहिलं. मीही पाहिलं. ती कुणाकडंच बघत नव्हती.

"बायका तळावर पोचल्या," आई म्हणाली. "चुली मांडल्या, भाकरी थापल्या. दिस बुडाला, गडी आले न्हायत. रातभर जाग्या ऱ्हायल्या, गडी आले न्हायत. दुसऱ्या दिशी बी वाट बघितली. मग थोरल्या बाईनं घोड्यावर सामान लादलं, पोरं बसवली अन् निघाली."

"असं कुठं असतंय?" आबा म्हणाले. "गडी आल्याबिगर तळ हलत न्हाय."

"हलवावा लागतो. माझ्या मायनं हलवला न्हवं?"

आबांना हे माहीत होतं. मलाच माहीत नव्हतं. आईचे वडील तरुणपणीच गेले, मेंढ्यांमागं असताना गेले, एवढंच मी ऐकत आले होते. आमच्याकडं अशा गोष्टी कुणी उलगडून सांगत नाही. आईनंही फार सांगितलं नाही. पोटात कळ येत होती त्यांच्या, काही दिवसांपासून. म्हणाले, आधी मेंढ्या पोचवतो, मग दवाखान्याचं बघू. बायका घोडी घेऊन पुढं गेल्या. ते मागं कळपाबरोबर निघाले आणि वाटेत एका बाभळीखाली बसले ते बसलेच. तळावर निरोप यायला दुसरा दिवस उजाडला. त्यांना तिथंच माती दिली. मग मेंढ्यांना चारा लागतो, तो कुणासाठी थांबत नाही, म्हणून तिसऱ्या सकाळी आजीनं घोडं लादलं.

"म्या घोड्यावर हुते," आई म्हणाली. "मागं तोंड करून बसलेले. मायनं एकदा बी मागं बघितलं न्हाय. म्या बघत हुते."

मी टाइप करायचं केव्हा थांबले होते, ते मला कळलं नव्हतं. आईनं पदरानं तोंड पुसलं. ती रडत नव्हती, उन्हाचा घाम होता. इतका वेळ ती कुणाकडं बघत नव्हती, आता आबांकडं बघून बोलली.

"माझ्या मायच्या अंगात ताकद हुती. मला आता घोडं लादता येत न्हाय. तुमी मागं ऱ्हायला तर म्या कुठं जाऊ, तेवढं लिवा तुमच्या लढाईत."

आणि ती उठून आत गेली. आत भांड्यांचा आवाज नाही, काही नाही.

मला तेव्हा कळलं की ती सगळी गोष्ट ऐकत होती, पहिल्यापासून, भांड्यांच्या आवाजाआडून. आणि हेही कळलं की मी इतके महिने एकाच माणसाच्या भीतीशी भांडत बसले होते. दुसऱ्या माणसाची भीती मेथी निवडत उंबऱ्यात बसली होती आणि मी तिच्यावरसुद्धा चिडत होते.

आबांनी लांब केलेले पाय जवळ घेतले. मग त्यांनी विचारलं, "बार्शीचा दवाखाना सोमवारी चालू असतो का?"

चालू असतो, मी म्हटलं.

दवाखान्यातल्या बाईंनी आधी विश्वासच ठेवला नाही. आबांनी फोन माझ्या हातातून घेतला आणि त्यांना स्वतः सांगितलं, की येतो, आता कसलीच अडचण न्हाय. तपासण्या झाल्या, रक्त झालं, छातीचा ईसीजी झाला. भूल देणाऱ्या डॉक्टरांनी आबांना खूप प्रश्न विचारले, आबांनी सगळ्यांची सरळ उत्तरं दिली, कासवांचा विषय निघाला नाही. मला तर त्या सरळपणाचीच धास्ती वाटायला लागली होती.

ऑपरेशनच्या सकाळी त्यांना हिरवा झगा घातला, डोक्याला टोपी घातली आणि ढकलगाडीवर आडवं केलं. आबा एवढे लहान दिसतील असं मला वाटलं नव्हतं. आई दारापर्यंत आली नाही. कोपऱ्यावरच्या बाकापाशी पिशवी धरून उभी राहिली. मी गाडीबरोबर चालत होते. दाराशी गाडी थांबली, आतून कुणीतरी यायचं होतं. आबांनी बोटानं मला जवळ बोलावलं. मला वाटलं, आईला सांभाळ म्हणतील. घराच्या किल्ल्यांचं काहीतरी सांगतील.

"भ्या वाटतंय," आबा म्हणाले. "लई."

हेच ऐकायला मी किती भांडले होते त्यांच्याशी. म्हणा एकदा, म्हणा एकदा म्हणून त्यांचा पिच्छा पुरवला होता. आणि आता त्यांनी म्हटलं, तर मला ते घेता येईना. काही होत नाही आबा, असं म्हणायला तोंड उघडलं, पण ज्या माणसानं जन्मभर भूल दिलेल्या जनावरांची डोकी मांडीवर घेतलीत, त्याला काय होतं आणि काय होत नाही हे मी काय सांगणार होते? मी त्यांच्या कपाळावर हात ठेवला. आणि मला एकदम वाटलं, आबांनी आत्ता काहीतरी अडचण काढावी. कुठलीही. काढाच, आबा.

"आबा," मी म्हटलं, "अमावस्या सरली की हो. मग आज फौज निघायची का?"

त्यांनी माझ्याकडं पाहिलं. विचार केला, खरोखर विचार केला, कपाळाला आठ्या घालून, खाटेवर बसल्यावर करतात तसा. आतून माणूस आला आणि त्यानं गाडीला हात घातला.

"आज न्हाय," आबा म्हणाले. "आलो की बघू."

दार लागलं. मी कोपऱ्यापर्यंत चालत गेले. आईनं विचारलं, काय म्हणले? मी सांगितलं, लढाई आज नाही म्हणाले, आल्यावर बघू म्हणाले.

"मग येतेत," आई म्हणाली आणि दाराकडं तोंड करून खाली बसली.